बामाको कुणाची राजधानी

ही गोष्ट आज पहिल्यांदा माझ्या तोंडून बाहेर पडते आहे. मुलाला माहीत नाही, बायकोलाही नाही. तिला एवढंच माहीत आहे की वर्तमानपत्रात आफ्रिकेचा नकाशा दिसला की मी घाईनं पान उलटतो. इतकी वर्षं तेच शिकवून कंटाळा आला असेल, असं तिला वाटतं. मी वाटू दिलं.

मी अमरावतीत सामान्य ज्ञान शिकवायचो. सायकलच्या दुकानावरचा एक हॉल, बाकांच्या चार ओळी, भिंतीवर जगाचा नकाशा — आणि नकाशापुढे मी. मुलं मला 'जगाचे सर' म्हणायची. स्वतः नागपूरच्या पलीकडे कधी गेलो नव्हतो. पण कोणत्या देशाला किती शेजारी, कुठून कोणती नदी वाहते, कुणाच्या झेंड्यावर काय आहे, हे झोपेतून उठवून विचारलं तरी सांगायचो. गर्व होता का? होता की. 'जगाचे सर' म्हटलं की अंगावर मूठभर मांस चढायचं.

कापसाची ती वाईट वर्षं होती. खेड्यापाड्यांतून पोरं-पोरी भरतीच्या परीक्षांसाठी शहरात येत होती. शेताचं काही खरं नाही, असं घरची माणसंच त्यांना सांगत होती. तलाठी, ग्रामसेवक, शिपाई — काहीही, पण नोकरी. माझ्या तोंडचा शब्द न् शब्द ती उतरवून घ्यायची. मी नोट्स छापत नसे. मी सांगायचो, ती लिहायची. छापलं की चोरी होते, असं माझं ठाम मत होतं.

चोरी तरी झालीच. अकोल्यातल्या एका क्लासनं पुस्तिका काढली — वाक्यं माझी, क्रम माझा, मधेच मारलेले पाणचट विनोदसुद्धा माझे! डोकंच फिरलं. माझ्याच वर्गातून कुणाची तरी वही अकोल्याला जात होती. मग मी एक शक्कल लढवली. शिकवता शिकवता, आवाजही न बदलता, सांगून टाकलं — लिहा, बामाको ही बुर्किना फासोची राजधानी. खरं म्हणजे बामाको मालीची. पण तलाठ्याच्या परीक्षेत हे कोण विचारणार? अकोल्याच्या पुस्तिकेत हे वाक्य आलं की चोरी सिद्ध, आणि आपल्या पोरांना दुरुस्ती सांगितली की झालं. यात वाईट काय होतं, सांगा? मीही तेव्हा स्वतःला असंच विचारलं होतं.

त्या दिवशी सुनंदानं हात वर केला. तेल्हाऱ्याकडच्या एका खेड्यातली मुलगी. बडनेऱ्याला मावशीकडे राहायची, क्लास सुटला की ऑटो धरायची, त्यामुळे वर्गात तिची कुणाशी फारशी ओळख नव्हती. त्या देशांना समुद्र नाही आणि तिथं कापूस पिकतो, असं मी नुकतंच सांगितलं होतं.

"सर, तिथं बी कापूसच हाय, तं तिथल्या पोरी काय करत असतीन? त्याईले बी अशा परीक्षा असतीन का?"

वर्ग हसला. मीही हसलो. परीक्षेत येत नाही ते विचारायचं नाही, असं म्हणून तिला खाली बसवलं. आणि तिनं माझं खोटं वाक्य तिच्या त्या टपोऱ्या अक्षरात लिहून घेतलं.

महिन्याभरात अकोल्याची नवी पुस्तिका आली. त्यात — बुर्किना फासो! नाचायचंच काय ते बाकी राहिलं होतं. वर्गात मात्र कुणाला डाव सांगितला नाही. एवढंच म्हणालो, एक दुरुस्ती आहे, बुर्किना फासो खोडा, माली लिहा. सगळ्यांनी खोडलं. सुनंदा त्या आठवड्यात नव्हती. वेचणीला बाया मिळत नाहीत म्हणून गावी गेली होती. परत आली तेव्हा तिला सांगायचं राहून गेलं.

राहून गेलं — हे शब्द तूर्त असेच असू द्या. मी त्यांच्याकडे परत येणार आहे.

पुढे परीक्षा झाली. संध्याकाळी एका विद्यार्थ्याकडून प्रश्नपत्रिका घेतली आणि जिन्यातच उभा राहून वाचू लागलो. दुसऱ्याच पानावर होता. 'बामाको ही कोणत्या देशाची राजधानी आहे?' पर्याय पहिला — बुर्किना फासो. मी तो प्रश्न पुन्हा वाचला, पुन्हा वाचला. तिथंच पायरीवर बसलो. कुणीतरी खालून विचारलं, सर, बरं नाही का? माझ्या डोक्यात एकच — साऱ्या जगात दुसरं शहर नव्हतं? त्या प्रश्न काढणाऱ्याला नेमकं हेच सुचावं?

सुनंदाची निवड एका गुणानं हुकली. त्या भरतीनंतर तिचं वय बसणार नव्हतं, आणि घरच्यांनी तिला तेवढंच एक वर्ष दिलं होतं.

ती वही घेऊन आली. भांडायला नाही हो — विचारायला. पान उघडून माझ्यापुढे ठेवलं. काळ्या शाईत, नीटनेटकं, बुर्किना फासो. मी पानाकडे पाहिलं आणि म्हणालो, तू चुकीचं लिहून घेतलंस, बाकी सगळ्यांच्या वह्यांत माली आहे.

पाहा — बाकीच्यांच्या वह्यांत माली होतंच. तेवढा भाग खरा होता. तो मी कसा शोधून काढला, किती पटकन शोधून काढला, हे आठवलं की अजून अंगावर काटा येतो. ती तपासायलाही गेली नाही. सरांचं खोटं असेल, हे तिच्या मनातच आलं नाही.

"मीच चुकली असन, सर. त्या दिवशी माहं ध्यान नसन," ती म्हणाली. वही पिशवीत घातली, वाकून नमस्कार केला आणि जिना उतरून गेली. मी नमस्कार करू दिला.

आता 'राहून गेलं' त्याबद्दल. राहून गेलं नव्हतं. सांगायचं नाही, असं मी ठरवलं होतं. तेल्हारा अकोला जिल्ह्यात. ती मधून मधून गावी जायची, जाताना अकोल्यावरूनच जायची. म्हणजे वही पोचवणारी हीच — एवढाच माझा पुरावा. तिच्या वहीत चूक तशीच ठेवली. अकोल्याच्या पुढच्या पुस्तिकेत ती चूक राहिली, तर चोर सुनंदा. दुरुस्त झाली, तर चोर दुसरा कुणी. गळाला लावलेला किडा असतो ना, तशी मी ती पोरगी लावली होती. माझीच विद्यार्थिनी.

आणि याहून वाईट ऐका. ती पुढची पुस्तिका मला परीक्षेच्या आठ दिवस आधी मिळाली. तिच्यात छापलं होतं — बामाको, माली. दुरुस्ती पोचली होती. म्हणजे दुरुस्ती ऐकणाऱ्यानं पोचवली होती, आणि सुनंदानं तर ती ऐकलीच नव्हती. ती निर्दोष होती, हे मला कळलं. आठ दिवस ती रोज माझ्यासमोर तिसऱ्या बाकावर बसत होती. एक वाक्य सांगायचं होतं. पण ते सांगितलं असतं तर 'मग मला आधी का नाही सांगितलं, सर?' असं तिनं विचारलं असतं. मी तुला चोर समजत होतो, हे 'जगाचे सर' कोणत्या तोंडानं सांगणार? एवढ्यासाठी गप्प बसलो. फक्त एवढ्यासाठी.

माझ्या नोट्स चोरणाऱ्या क्लासच्या पोरांनी तो प्रश्न बरोबर सोडवला. चुकली ती माझ्याकडे शिकलेली, माझ्यावर विश्वास ठेवणारी.

बऱ्याच वर्षांनी तेल्हाऱ्याच्या एका शाळेत सामान्य ज्ञान स्पर्धेला पाहुणा म्हणून गेलो. कार्यक्रम संपल्यावर गर्दीतून एक बाई पुढे आली. केस पांढरे व्हायला लागलेले, सोबत बारा-तेरा वर्षांची मुलगी. मी ओळखलं नाही. मग ती हसली.

"सर, हे माही पोरगी. मी हिले सांगून ठेवलं हाय — लिहून झालं का सरायले वाचून दाखवत जाय. माह्यासारखं होऊ देऊ नोको."

इतकी वर्षं! इतकी वर्षं ती स्वतःलाच दोष देत होती, आणि तो दोष तिनं पोरीच्या हाती धडा म्हणून दिला होता. मुलीनं वही उघडली. देश आणि राजधान्या, आईसारखंच टपोरं अक्षर. 'बामाको — माली'. खाली दोन लाल रेघा.

"आईनं इतकं सोपं काहून चुकवलं व्हतं, सर?" मुलीनं विचारलं.

सुनंदा ओशाळून हसली. आजूबाजूला माणसं होती, पण फार नव्हती. बोलता आलं असतं. मी म्हणालो, होतं असं कधी कधी, बाळ. मुलीनं वही पुढे केली, सरांची सही पाहिजे म्हणाली. मी खिशातला लाल पेन काढला, त्या दोन रेघांच्या खाली 'तपासले' असं लिहिलं आणि सही केली.