माळढोकाच्या अंड्याला कुंपण

आमच्या आप्पांनी अर्धं आयुष्य माळढोकाला शिव्या दिल्या आणि म्हातारपणी त्याच्यावरच जीव लावला. दोन्ही अगदी मनापासून. माळ अभयारण्यात गेला, चराई बंद झाली आणि मेंढरं विकावी लागली. "एका पाखरापायी आमची मेंढरं गेली," असं वैरागच्या बाजारात भेटेल त्याला ते सांगत. पुढे त्याच माळावर त्यांना राखणीचं रोजंदारीचं काम मिळालं. पहिलं वर्ष कुरकुरत काढलं, मग जेवायला बसलं की पाखराच्याच गोष्टी. आई म्हणायची, सवत आणली म्हाताऱ्यानं.

शेवटी शेवटी तिथं एकच मादी दिसायची, नर पावसाळ्यात कधीतरी येऊन जायचा. त्या श्रावणात मी सोलापुरातल्या टॉवेलच्या कारखान्यातून चार दिवसांची सुट्टी काढून गावी आले होते. सकाळी आप्पा धापा टाकत आले आणि उंबऱ्यातच बसले.

"अंडं घातलंय तिनं. एकच हाय, उघड्या माळावर."

नियम त्यांना पाठ होते. अंडं दिसलं की वर कळवायचं, जवळ जायचं नाही, हात तर लावायचाच नाही. कायद्यात वाघाला जी जागा तीच या पाखराला. त्यांनी वनखात्याच्या साहेबांना फोन केला. साहेब बाहेरगावी होते. परवा येतो, तोवर लांबून लक्ष ठेवा, म्हणाले. पण माळावर भटकी कुत्री फार झाली होती आणि आप्पा भाकरी तशीच टाकून उठले.

"कोकरांना काटं लावायचा की तुमी," मी म्हणाले. "तसंच लावू."

"हात लावायचा न्हाय म्हंत्यात."

"अंड्याला कुटं लावायचाय हात?"

हे बोलणारी मीच. शहरात राहून आलेली शहाणी.

मादी चरायला उठून गेल्यावर आम्ही बाभळीच्या फांद्या ओढत नेल्या. गुडघ्याएवढं गोल कुंपण केलं, तिला आत यायला फट ठेवली. अंडं मातीच्याच रंगाचं होतं. आप्पांनी चार पावलांवरून त्याला हात जोडले. माझ्या हातांत काटे मोडले होते आणि खरं सांगते, मला फार बरं वाटत होतं.

ती परत आली तेव्हा आम्ही लांब लिंबाखाली बसलो होतो. मान उंच करून ती थांबली. मग कुंपणाभोवती चालत राहिली. फटीपाशी यायची, मागं सरायची. तीनदा, चारदा. आप्पांचा चेहरा उतरत गेला. मेंढरू काट्यांच्या आत गेलं की निवांत बसतं. या पाखराला मात्र बसल्या जागेवरून सगळा माळ दिसावा लागतो, म्हणून तर ते उघड्यावर अंडं घालतं. हे मला आप्पांनीच शंभरदा सांगितलं होतं, आणि त्या दिवशी आम्ही दोघंही धनगरच राहिलो.

"काढ काटं, काढ," म्हणत ते धावले. आम्ही धावलो तशी ती उडाली. काटे काढून आम्ही अंधार पडेपर्यंत वाट पाहिली, दुसऱ्या दिवशीही पाहिली. ती अंड्याकडे फिरकली नाही.

साहेब आले तेव्हा अंडं गार होतं. माणूस भला. कुत्र्यांनी मादीला हुसकावलं असं लिहितो, म्हणाले.

"मी काटं लावलं," आप्पा म्हणाले. "तसंच लिवा."

मी शेजारी उभी होते. मी तोंड उघडलं नाही.

पुढे काही महिने मादी अधूनमधून दिसायची, मग दिसेनाशी झाली. माळ अजून आहे. गवत आहे, काळवीट आहेत, रस्त्याकडेला माळढोकाचं चित्र काढलेली पाटी आहे. आप्पांचं काम सुटलं तरी ते तिथं जाऊन बसतात. शाळेच्या सहली येतात, मुलं विचारतात, बाबा, पाखरू कुठं गेलं? आप्पा त्यांना सगळं सांगतात. फांद्या त्यांनी एकट्यानं तोडल्या, एकट्यानं ओढल्या, कल्पनाही त्यांचीच. मागच्या दिवाळीत हे मी माझ्या कानांनी ऐकलं. घरी येताना मला राहवलं नाही.

"आप्पा, माझं बी सांगा की. मीच म्हणाले हुते."

ते चालत राहिले.

"तुला अजून लई वर्सं काढायची हायत, पोरी," म्हणाले.