पाणसळीवरची कॉफी

उंब्रजच्या मोटार स्टँडवर माझ्या सख्ख्या धाकट्या भावाचं कॉफीचं दुकान आहे आणि त्या दुकानातल्या यंत्राच्या बारा फुटांच्या आत यायला मला बंदी आहे. आधी ही बंदी नऊ फुटांची होती. ती तीन फुटांनी का वाढली ते शेवटी सांगतो. कारण क्रम चुकलेला मला खपत नाही.

मी मोजणी खात्यातला माणूस. साखळी टाकायची, खुंट्या मारायच्या, बांध कुणाचा कुणाकडे किती सरकलाय ते सांगायचं आणि दोन्हीकडच्या शिव्या खायच्या, हे माझं काम. बावीस वर्षं हेच केल्यामुळं डोळ्यांवरचा माझा विश्वास उडाला आहे. डोळा फसवतो, पट्टी फसवत नाही. (हे वाक्य मी घरात दिवसातून सरासरी चार वेळा म्हणतो, असं आमच्या मंडळींचं म्हणणं. मी मोजलं, तीनच वेळा म्हणतो.)

तर, लढाई संपून वर्ष झालं होतं. शिवराम, म्हणजे माझा धाकटा भाऊ, इटलीतून हवालदार होऊन परत आला. लोकांची पोरं पदकं घेऊन आली, कुणी घड्याळ आणलं, कुणी लोकरीचे कोट आणले. आमच्या शिवानं ट्रंकेतून ब्लँकेटात गुंडाळलेलं एक निकेलचं यंत्र काढलं. मोठ्या तांब्याएवढं. खाली पाणी, वर झाकण, बाजूला एक नळी आणि नळीच्या टोकाला अडकवायची जाळीच्या बुडाची वाटी. वाटीत कॉफीची पूड दाबून भरायची, यंत्र स्टोव्हवर ठेवायचं. वाफेच्या जोरानं पाणी पुडीतून घुसतं आणि खाली कपात डांबरासारखी काळी, घट्ट धार पडते.

“एवढीशीच?” कपात डोकावून आमची मंडळी म्हणाली. “ही तर डोळ्यात घालायच्या औषधाएवढी हाय, भावजी!”

“वैनी, त्यात दूध-साखर घाला, मग बघा.”

तिनं घातली, प्यायली आणि तिथंच पाटावर बसली. “आगं बया!” एवढंच म्हणाली. त्यानंतर आमच्या घरात चहाची चव गेली ती गेलीच.

शिवाच्या डोक्यात एकच होतं. उंब्रजच्या स्टँडवर मोटारी थांबतात, माणसं अंग मोडत उतरतात. तिथं हे यंत्र लावायचं. स्टँडसमोर एक गाळा रिकामा होता. तो सांगलीच्या बाबगोंडा आण्णांचा. आण्णा म्हणजे धान्याचे मोठे व्यापारी, जैन, बोलायला मोजके, आणि सगळा जन्म कर्नाटकाच्या वाऱ्यावर गेल्यामुळं कॉफीचे पक्के दर्दी. त्यांनी निरोप धाडला : ‘मंगळवारी येतो. कॉफी पाजा. पसंत पडली तर गाळा तुमचा. पण एक ध्यानात ठेवा, सूर्य मावळला की मी पाण्याचा थेंबही तोंडात घेत नाही.’

गाळा मिळाला नाही तर शिवाला मुंबईला मामांच्या ओळखीनं गिरणीत जावं लागणार होतं. इटलीतल्या डोंगरात तोफांना न घाबरलेला माणूस, पण गिरणीचं नाव काढलं की जेवण सोडून उठायचा.

“सगळं पूड पसरण्यात हाय, दादा,” तो मला सांगू लागला. “पूड टाकली की मधी ढीग हुतो. तो बोटानं असा सारखा करायचा, आन् मगच दाबायचं. एका अंगाला पातळ राहिली की पाणी तिथनंच पळतं. तिकडची पूड जळून कडू आन् हिकडची कोरडी ठाक!”

“उसाच्या सरीवानी की,” मंडळी चुलीपासून म्हणाली. “वरंबा एके जागी फुटला की समदं पाणी तिथनंच जातंय.”

मला हे तात्काळ पटलं. पण एक गोष्ट खटकली.

“शिवा, बोटानं सारखा म्हणजे किती सारखा?”

“म्हंजे... सारखा.”

“माप?”

“मापबीप काय न्हाई, दादा. तिथला कॉफीवाला म्हातारा गाणं म्हणत बोट फिरवायचा.”

गाणं म्हणत! भावाचा जन्माचा प्रश्न आणि तो सोडवायचा एका परक्या म्हाताऱ्याच्या गाण्यावर! मी त्याच क्षणी ठरवलं, की मंगळवारची वाटी मी भरणार. आमच्या घरात थोरल्या भावाला नाही म्हणायची पद्धत नाही. (ही पद्धत मंगळवारनंतर बंद पडली.)

मंगळवारी दुपारी चारच्या मोटारीनं आण्णा आले. पांढरंशुभ्र धोतर, पांढरा रुमाल, हातात छत्री. सोप्यात घोंगडीवर बसले. मंडळींनी त्यांच्यासाठी पाणी दुहेरी फडक्यातून गाळून ठेवलं होतं. आण्णा म्हणाले, “घाई नाही. अजून दिवस आहे.”

मला तेवढंच पाहिजे होतं.

स्टोव्ह चौरंगावर ठेवला होता. मी खिशातून पितळी पाणसळ काढून चौरंगावर ठेवली. काचेतला बुडबुडा सरळ पूर्वेला पळाला.

“चौरंग कलता आहे,” मी म्हणालो.

“सारवलेली जमीन हाय, कलणारच,” मंडळी म्हणाली.

“तळच कलता असेल तर वरची पूड सपाट कशी राहील?” मी एका पायाखाली कौलाचा तुकडा घातला. बुडबुडा पश्चिमेला गेला. कौल काढून पोस्टकार्ड घातलं. पुन्हा पूर्वेला. शेवटी कोनाड्यातलं पंचांग आणून घातलं, तेव्हा बुडबुडा असा मधोमध येऊन बसला, की मला गहिवरून आलं.

“आण्णा, बघा!”

आण्णांनी बुडबुड्याकडं बघितलं, मग उन्हाकडं बघितलं. “छान,” म्हणाले. “आणि कॉफी?”

मी वाटीत पूड ओतली. मधे ढीग झाला. तो मंडळींच्या अंबाड्यातल्या आकड्यानं मोडला, गुठळ्या फोडल्या, पट्टीच्या तुकड्यानं सपाट केला. मग वाटीचे मनातल्या मनात चार भाग पाडले आणि खुणा केलेला दाभण घेऊन प्रत्येक भागाची खोली तपासली. ईशान्येला पूड दोऱ्याच्या जाडीएवढी जास्त निघाली.

“दादा, बास झालं,” शिवा कुजबुजला.

“ईशान्य भरली आहे.”

“आवं, ती वाटी हाय, गाव न्हवं!”

ईशान्येची पूड मी नैर्ऋत्येला सारली. नैर्ऋत्य वर आली. तिथली आग्नेयेला नेली. एव्हाना शेजारचे बापू पैलवान दारात येऊन उभे राहिले होते. बापूंनी कुस्ती सोडून दहा वर्षं झाली होती, पण खुराक सोडला नव्हता.

“काय चाललंय? मोजणी?” बापूंनी विचारलं.

“कॉफी,” आण्णा म्हणाले. त्यांचा आवाज मला जरा सुकलेला वाटला.

“कवापासनं?”

“चार वाजल्यापासून.”

अखेर चारी दिशा सारख्या आल्या. आता दाबायची. शिवा इटलीहून आणलेला लाकडी ठोकळा घेऊन पुढं झाला. मी त्याला अडवलं. हात म्हणजे काही ओळंबा नव्हे. तो कुठं तरी झुकणारच. जोर वरून, सरळ आणि जड पाहिजे. आणि जड म्हटल्यावर माझी नजर बापूंकडं गेली. (ही नजर मी मागं घ्यायला हवी होती.)

“बापू, या ठोकळ्यावर जरा भार टाका.”

“किती?”

इथं माझं चुकलं. जन्मभर आकड्यांशिवाय न बोललेला मी म्हणालो, “होईल तेवढा!”

बापूंनी वाटी पायरीच्या दगडावर ठेवली, “जय बजरंग!” म्हणाले आणि ठोकळ्यावर दोन्ही तळवे ठेवून आखाड्यात जोडीदाराला चितपट करावं तसे वाकले. पूड कण्हल्यासारखी वाजली. ठोकळा उचलला तेव्हा वाटीत फरशी बसली होती! मी तिच्यावर पाणसळ ठेवली. बुडबुडा मधोमध. नखानं टोकरून बघितलं. नख वाकलं.

“दादा,” शिवा म्हणाला, “ह्यातनं वाफ जायची न्हाई.”

“सगळीकडून सारखी दाबली आहे. मग जाईल तर सगळीकडून सारखीच जाईल.”

“आन् न्हाई गेली तर?”

मी हसलो. वाटी अडकवली, स्टोव्हला पंप मारला.

पाच मिनिटं झाली. कपात थेंब नाही. यंत्र गुरगुरू लागलं. मग शीळ घालू लागलं. मग ती शीळही थांबली आणि ते नुसतं थरथरू लागलं, तापातल्या माणसासारखं.

“काय म्हणतंय ते?” आण्णांनी विचारलं आणि नीट बघायला पुढं वाकले.

“समदी खाली!” शिवा एकदम लढाईतल्या आवाजात ओरडला.

त्या आवाजात काय जादू होती कोण जाणे. मंडळी चुलीमागं गेली. बापू पैलवान पालथे पडले आणि सोपा हादरला. सांगलीचे प्रतिष्ठित व्यापारी बाबगोंडा आण्णा छत्रीसकट घोंगडीवर आडवे झाले. मी मात्र उभाच होतो. माझं लक्ष बुडबुड्याकडं होतं.

फट्!

वाटी दारातून बाहेर गेली आणि म्हशीच्या पाण्याच्या हौदात चर्र करून पडली. आतली चकती उलट्या दिशेला उडाली आणि आण्णा जिथं बसले होते तिथं, त्यांच्या डोक्याच्या बरोबर उंचीवर, भिंतीला थप्प करून चिकटली. शेजारची कुत्री भुंकू लागली.

“शेणी थापल्यागत बसलीया,” चुलीमागून मंडळी म्हणाली.

मी भिंतीजवळ गेलो. खिशातून पट्टी काढली. आजही मला हे सांगताना लाज वाटते, पण मी त्या चकतीची जाडी मोजली.

“आण्णा,” मी म्हणालो, “पाव इंच. चारी बाजूंनी पाव इंच!”

आण्णा उठले. धोतर झटकलं, रुमाल नीट केला. तेवढ्यात दारातलं ऊन विझलं. सूर्य समोरच्या डोंगराआड गेला होता.

“संपलं,” आण्णा छत्री उचलत म्हणाले. “शिवराम, वाईट वाटून घेऊ नकोस. नशीब एकेकाचं.” आणि ‘नशीब’ म्हणताना त्यांनी माझ्याकडं बघितलं.

शिवानं यंत्राला फडकं गुंडाळायला घेतलं. त्याचा चेहरा मला बघवेना. त्या चेहऱ्यावर मला गिरणीचा भोंगा ऐकू आला.

आणि एकाएकी माझ्यातला मोजणीदार जागा झाला.

“थांबा, आण्णा! तो डोंगर आहे, क्षितिज नव्हे! सूर्य डोंगराआड गेलाय, मावळलेला नाही. पंचांगात बघू.”

“कुठं आहे पंचांग?”

ते चौरंगाच्या पायाखाली होतं. मी ते ओढून काढलं; चौरंग कचकन कलला, यंत्र कलंडता कलंडता शिवानं धरलं. पानं उलटली. “सूर्यास्त सहा वाजून चार मिनिटं!”

आण्णांनी बंडीतून घड्याळ काढलं. ते स्वतः आकड्यांचे माणूस. “पाच पंचेचाळीस,” ते हळूच म्हणाले. “म्हणजे एकोणीस मिनिटं आहेत.”

“सतराच,” मी म्हणालो. “तुमचं घड्याळ दोन मिनिटं मागं आहे.”

“दादा!!” शिवा आणि मंडळी एकदम ओरडले.

पण आण्णा खाली बसले होते.

पुढचं काय सांगू! बापूंनी हौदात खांद्यापर्यंत हात घालून वाटी काढली. म्हैस दोन पावलं मागं सरून बघत राहिली. मंडळींनी वाटी राखेनं घासली, गाळलेल्या पाण्यानं तीनदा धुतली. शिवानं यंत्रात नवं पाणी भरलं आणि स्टोव्हला असा पंप मारला, की ज्योत निळी झाली. मग त्यानं वाटीत पूड टाकली, कसलं तरी इटलीतलं गाणं गुणगुणत वरून एक बोट फिरवलं, ठोकळ्यानं एकदा हलकं दाबलं. एवढंच! चौरंग तिरका, यंत्र तिरकं, स्टोव्ह तिरका. मी डोळे मिटून घेतले.

डोळे उघडले तेव्हा कपात धार पडत होती. काळी, सरळ, न तुटणारी.

आण्णांनी दूध-साखर घालून पहिला घोट घेतला. डोळे मिटले. कप खाली ठेवला तेव्हा त्यात काही उरलं नव्हतं आणि सहाला एक मिनिट होतं. (माझ्या घड्याळानं.)

“गाळा तुझा,” ते शिवाला म्हणाले. “पण एक अट आहे.”

“सांगा की, आण्णा.”

“मी प्यायला येईन तेव्हा ह्या तुझ्या दादांना यंत्रापासून लांब ठेवायचं.”

“तुमी येवा न येवा, आण्णा,” शिवा म्हणाला, “ही अट रोजचीच.”

महिन्याभरात दुकान सुरू झालं. शिवानं यंत्रासमोर जमिनीवर खडूची रेघ ओढली आणि गिऱ्हाइकांदेखत मला सांगितलं, “दादा, ही नऊ फुटांची हद्द. हिच्या पलीकडं बसा, पायजे तेवढी कॉफी प्या.” मी मुकाट्यानं बसलो. दोन दिवस बसलो. तिसऱ्या दिवशी राहवेना, म्हणून कुणी बघत नाही असं बघून रेघेचं अंतर मोजलं. आठ फूट दोन इंच! चूक ती चूक. ती झाकणं माझ्या स्वभावात नाही. मी ती तातडीनं शिवाच्या कानावर घातली.

दुसऱ्या दिवशी गेलो तर जुनी रेघ पुसलेली आणि नवी बारा फुटांवर ओढलेली. ती मी मोजली. बारा फूट अगदी बरोबर आहे. फक्त ती उजवीकडं दीड इंच तिरकी गेली आहे. पण यावेळी मी एक अक्षर बोललेलो नाही.