सहा शनिवारांची ओळख

चष्म्याच्या दुकानात मागच्या खोलीत बसून काचा घासणाऱ्या बाईंना सगळे अक्का म्हणत, अगदी मालकसुद्धा. वय सत्तेचाळीस. आई अंथरुणाला खिळली होती तेव्हा स्थळं येत राहिली, अक्का नाही म्हणत राहिल्या. आई गेली तोवर कुणी विचारेनासं झालं होतं.

प्रेम कसं जुळतं ते शास्त्रज्ञ मोजणार आहेत, त्यांना माणसं हवी आहेत, अशी बातमी भाचीने आणली आणि ती मागेच लागली. "जा गं मावशी, तुझं काय जातंय?"

दर शनिवारी एक खोली, दोन खुर्च्या, ठोके मोजायला बोटाला वायर. समोर एक विधुर माळी. यादीतले प्रश्न एकमेकांना विचारायचे. तो अडखळत बोले. बायको जाऊन चार वर्षं झाली, तरी हात आपसूक दोन कप काढतो, म्हणाला. चौथ्या शनिवारी अक्कांनी सख्ख्या बहिणीलाही न सांगितलेलं सांगून टाकलं: एका दुपारी थकून त्यांनी आईचं मरण मागितलं होतं आणि त्याच आठवड्यात ती गेली. त्याने डोळे पुसले. सहाव्या शनिवारी अक्का केस रंगवून गेल्या.

त्यानंतर प्रयोग चालवणाऱ्या प्राध्यापक बाईंनी त्यांना बोलावून घेतलं. "तो आमचाच माणूस होता. समोरच्याची उत्तरं ठरवून दिलेली असली तरी जीव जडतो का, ते पाहायचं होतं. तुमचे आकडे फार सुंदर आलेत."

"आणि त्याची बायको?"

"त्याचं लग्नच झालेलं नाही. ते आम्ही लिहून दिलं होतं."

"मी बोलले त्याचं काय?"

"ते गुप्तच राहील. तुमचं नाव कुठेही नाही, नुसता क्रमांक आहे."

"त्याला तर ठाऊक आहे ना."

कधीही माघार घेऊन आपली नोंद पुसून घेता येईल असं सुरुवातीला सही केलेल्या फॉर्मवर छापलेलं होतं. अक्कांनी त्या ओळीवर बोट ठेवलं आणि सगळं पुसून होईपर्यंत तिथून हलल्या नाहीत.

महिन्याभराने तो दुकानात आला. "अक्का, रडलो ते कागदावर नव्हतं."

अक्का त्याच्याकडे बघत राहिल्या. खोटं बोलतोय असं वाटलं नाही; पण तसं तर सहाही शनिवारी वाटलं नव्हतं.

"असेल," त्या म्हणाल्या, "पण मला आता ते कळायचं कसं?"

अक्का आत गेल्या आणि त्यांनी काचा घासायचं मशीन सुरू केलं.