चाउडर आणि अर्धा पेला

माझा स्वयंपाक शिट्ट्यांवर चालतो. सकाळी आठच्या आत कुकरच्या तीन शिट्ट्या, दोन डबे, एक वेणी आणि क्रांती चौकातल्या ऑफिसकडे पळ, असा वर्षानुवर्षांचा क्रम. त्यामुळे पुण्याच्या नणंदेनं दिवसभर मंद आचेवर शिजवणारं विजेचं भांडं पाठवलं तेव्हा मला तो सरळसरळ टोमणा वाटला. आठ तास शिजवायचं म्हणे. आठ तासांत माणूस इथून मुंबईला पोचतो आणि जेवूनही घेतो.

"वहिनी, तुझ्यासाठी नाही, आईसाठी पाठवलंय," ती फोनवर म्हणाली. "सोबत कागद आहे बघ. मक्याचं चाउडर. सुपासारखंच, पण दाट. मऊ असतं, एका वाटीत पोट भरतं. ती खाईल."

आई म्हणजे माझ्या सासूबाई. मी त्यांना आत्याबाई म्हणते. दुष्काळाचं ते लागोपाठ दुसरं वर्ष होतं. गंगापूरकडच्या आमच्या गावात विहिरीनं संक्रांतीआधीच तळ दाखवला, बैलजोडी आत्याबाईंच्या भावाकडं गेली, घराला कुलूप लागलं आणि आत्याबाई एक पिशवी आणि एक स्टीलची कळशी घेऊन आमच्याकडं राहायला आल्या. शहरात कळशी कशाला, असं मी विचारलं तर म्हणाल्या, "असू दे. भांडं कधी वाया जात नाय."

आल्या तेव्हा धडधाकट होत्या. महिन्याभरात चोळी खांद्यावरून ओघळायला लागली. दोन घास खाल्ले की ताट सारायच्या. आणि नवल म्हणजे त्यांनी तिखट सोडलं! ज्या बाईच्या हातच्या ठेच्यानं माझ्या वडिलांना भर पंगतीत उचकी लावली होती, आणि जी त्याच ठेच्याचा गोळा भाकरीवर घेऊन वर "मिळमिळीत झालाय" म्हणाली होती, ती आता म्हणत होती, "तिखट सोसंना मला. वय झालं." आम्ही विश्वास ठेवला. मी त्यांच्यासाठी वेगळी खिचडी, फिकं वरण, दुधात कुस्करलेली पोळी असं आजाऱ्याचं जेवण करायला लागले. ते बघून त्या आणखीच कमी खायला लागल्या.

डॉक्टरांनी तपासलं, दुखणं काही सापडलं नाही. पोटात अन्नपाणी गेलं नाही तर सलाईन लावावं लागेल, एवढं म्हणाले. घरी आल्यावर आत्याबाईंनी माझ्या नवऱ्याला समोर बसवलं. "पाडव्याला मला गावाकडं सोड, लेकरा. मरायचं तर घरी मरंन."

गावात तेव्हा त्यांच्याकडं बघायला कुणी नव्हतं. प्यायच्या पाण्यासाठी भर उन्हात रांग लागत होती. तिथं सोडणं म्हणजे काय, हे आम्हां दोघांना कळत होतं आणि पाडवा तीन आठवड्यांवर आला होता. मला त्या हव्या होत्या. हे स्पष्टच लिहिते, कारण सासूसुनांबद्दल लोक भलतंच गृहीत धरतात. माझ्या एका मोठ्या दुखण्यात ही बाई दोन महिने माझ्या उशाशी बसून होती, आणि माझं डोकं फिरलं की "कर, कर, आदळआपट कर, बरी होतीयेस" असं म्हणून हसायची. तेव्हा टोमणा असो की नसो, मी ते भांडं फोडलं. म्हणजे खोक्यातून बाहेर काढलं.

आता थोडं पाण्याविषयी सांगायला हवं. आमची कॉलनी बीड बायपासच्या पलीकडं. फ्लॅट घेतला तेव्हा गॅलरीतून ज्वारी दिसायची. पुढं ज्वारीच्या जागी प्लॉटचे दगड आले, मग खांब, मग चार मजले. शहर आमच्या अंगावरून पुढं निघून गेलं, पण नळाची लाइन तेवढी मागं राहिली होती. सोसायटीच्या टाकीत टँकरचं पाणी यायचं. ते बोअरचं असायचं, जड, बादलीच्या कडेला पांढरा थर धरणारं. प्यायला वीस लिटरचा जार, तोही जारवाल्याच्या मनात येईल तेव्हा. म्हणून मी घरात कडक नियम केला होता. जारचं पाणी फक्त प्यायला, स्वयंपाकाला टाकीचं. आत्याबाईंच्या उशाशी मात्र सकाळी एक आणि संध्याकाळी एक असा जारच्या पाण्याचा तांब्या मी स्वतः ठेवायचे. उचलायला जावं तेव्हा तांब्या रिकामा असायचा, म्हणून मी निर्धास्त होते. जेवताना त्या अर्धाच पेला घ्यायच्या, पण म्हातारपणी तहान कमी लागते असं मी कुठंतरी ऐकलं होतं.

चाउडरच्या कागदावर पांढऱ्या शेंगदाण्यांएवढ्या कसल्या तरी परदेशी बिया होत्या, मी चवळी घेतली. क्रीमच्या जागी साय. कसली मिरची पूड सांगितली होती ती आत्याबाईंसाठी वगळली. रात्रभर चवळी भिजवली, सकाळी कणसांचे दाणे सोलले, बटाटा, गाजर, तुपात परतलेला कांदा-लसूण, जिरं, सगळं भांड्यात घातलं, वर पाणी ओतलं आणि बटण दाबून ऑफिसला गेले. दिवसभर माझ्या डोक्यात ते भांडं होतं.

संध्याकाळी झाकण काढलं तर वास झकास. दूध आणि साय घालून अर्धा तास ठेवलं आणि तिघांच्या वाट्या भरल्या. नवऱ्यानं पहिला चमचा घेतला आणि बराच वेळ चावत राहिला.

"पौष्टिक आहे," तो म्हणाला.

चवळी खड्यासारखी टणक होती. दहा तास! आत्याबाईंनी एक दाणा बोटांत धरून दाबून पाहिला. "कुठलं पाणी घातलंस?"

"टाकीचं."

"त्येच. जड पाण्यात चवळी शिजत नसती, बाई. दोन दिस ठेवलीस तरी अशीच ऱ्हाईल."

"मग माझं रोजचं वरण कसं शिजतं?"

"शिट्ट्या मारून मारून शिजवतीस. अन् चिमूट सोडा घालतीस, मला दिसत नाय व्हय?"

एवढी वर्षं स्वयंपाक करून मला हे ठाऊक नव्हतं. कुकरनं माझं अज्ञान झाकून ठेवलं होतं आणि या संथ भांड्यानं ते पहिल्याच दिवशी उघडं पाडलं. मी सगळं चाउडर परत कुकरमध्ये ओतलं आणि सहा शिट्ट्या काढल्या. त्याची खळ झाली. आत्याबाईंनी दोन चमचे खाल्ले आणि वाटी सारली. मी स्वयंपाकघरात जाऊन भांडी जरा जोरातच घासली.

पण एक गोष्ट झाली होती. त्या वरणाबद्दल, सोड्याबद्दल, माझ्या चुकांबद्दल बोलल्या होत्या. महिन्याभरात पहिल्यांदा त्यांनी माझ्या स्वयंपाकात नाक खुपसलं होतं, आणि मला त्याचं इतकं बरं वाटलं की पुढच्या रविवारी पुन्हा चाउडर करायचं मी ठरवून टाकलं. नियम गेला खड्ड्यात. शनिवारी चवळी जारच्या पाण्यात भिजवली.

रविवारी सकाळी आत्याबाई पाट घेऊन भांड्याशेजारीच येऊन बसल्या. "आच कुठंय ह्येची?" त्यांनी सगळीकडून पाहिलं, हात लावून ऊब बघितली. "हा तर वैल हाय."

गावच्या त्यांच्या चुलीला बाजूला एक भोक आहे, त्याला वैल म्हणतात. चुलीची उरलेली धग तिकडून निघते आणि तिच्यावर दुधाचं नाही तर डाळीचं भांडं दिवसभर आपलं आपलं शिजत बसतं. त्याच्याकडं कुणी बघत नाही आणि ते कधी करपत नाही. परक्या घरात आपल्या चुलीचा तुकडा सापडावा तसा आत्याबाईंचा चेहरा झाला. मी कांदा परतत होते, त्या कणसं सोलत होत्या, आणि आम्ही दोघी मिळून पुण्याच्या नणंदेला नावं ठेवत होतो. फार सुखाची सकाळ होती ती.

मग पाणी ओतायला जार तिरपा केला तर तळाशी जेमतेम पेलाभर. चवळीनं पिऊन टाकलं होतं. जारवाल्याचा फोन बंद.

"थांब," आत्याबाई म्हणाल्या. आत गेल्या आणि त्यांची ती स्टीलची कळशी कमरेवर घेऊन आल्या. तोंडाला स्वच्छ फडकं बांधलेलं. फडकं सोडलं. कळशी गळ्यापर्यंत भरलेली होती. "घाल ह्येच्यातलं. गोडं पाणी हाय."

"हे कुठून आणलंत?"

त्या फडक्याची घडी घालत राहिल्या. मी पुन्हा विचारलं.

"माझ्या वाटचं हाय. तू तांब्या ठेवतीस न्हवं? एवढं कुठं लागतंय मला. उरलेलं ह्येच्यात वततीया. तुझा जारवाला आला न्हाई तर लागंल म्हणून. शिळं भांडी विसळायला काढायचं, ताजं भरायचं."

म्हणून तांब्या रिकामा असायचा!  आणि मग एकदम दुसरं काहीतरी डोक्यात आलं. फोडणीतला लसूण करपत होता, मी गॅस बंद केला.

"आत्याबाई, तिखट कशासाठी सोडलंत?"

"वय झालं..."

"खरं सांगा."

त्यांनी कणसाचा एक दाणा उचलून परातीत टाकला. "तिखट खाल्लं की पाणी लागतंय, बाई. घटाघटा लागतंय. अन् कोरडा घास बी पाण्याबिगर उतरत नाय, मग दोनच खायचे. तुमी इकत आणून पिता. त्येच्यात म्या एक तोंड वाढवलं. गावाकडं निदान रांगंत हुभं राहून माझं म्या आणंन."

मला रडू आलं आणि राग त्याच्याही आधी आला. "लाज वाटते का हो तुम्हाला?" मी ओरडले. सासूला असं बोलतात का, बोलत नाहीत, पण मी बोलले. "तुमच्या उशाशी पाणी मी ठेवते, ते काय पाहुणी म्हणून? दोन महिने माझ्या तोंडात चमच्यानं पाणी घातलंत, तेव्हा मी मोजलं होतं? पाडव्याला गावाला जाणार म्हणे! तहानेनं मरायला?"

आवाज ऐकून नवरा दारात आला. आत्याबाई माझ्याकडं बघत होत्या. त्यांच्या तोंडाचा कोपरा हलला.

"कर, कर," त्या म्हणाल्या. "आदळआपट कर."

मग मी त्यांच्याच कळशीतलं पाणी भांड्यात ओतलं, झाकण लावलं, बटण दाबलं. दिवसभर आत्याबाईंनी मला झाकण उघडू दिलं नाही. "वैलावरचं सारखं हालवायचं नसतं." दुपारी घर बटाट्याच्या आणि मक्याच्या वासानं भरून गेलं. चारनंतर त्यांनी नवऱ्याला हिरव्या मिरच्या आणायला पिटाळलं. त्या तव्यावर भाजल्या, लसूण आणि मीठ घालून वाटीच्या बुडानं रगडल्या, आणि दूध-साय घातल्यावर त्यातला चमचाभर ठेचा स्वतः चाउडरमध्ये ढवळला. कागदावर सौम्य तिखट लिहिलं होतं. त्यांच्या हिशेबानं ते सौम्यच होतं.

पाच वाजता आम्ही जेवायला बसलो. चवळी जिभेवर फुटत होती, बटाटा विरघळून रस दाट झाला होता, दाण्यांना गोडी होती आणि मागून हळूच मिरची येत होती. नवरा खात राहिला. आत्याबाईंनी पहिली वाटी संपवली, दुसरी घेतली, तिच्यात उरलेला ठेचा घातला. नाकाला पाणी आलं, कपाळावर घाम. पदरानं तोंड पुसत त्यांनी पेला उचलला. मी सवयीनं अर्धा भरला होता.

तो त्यांनी एका दमात संपवला आणि माझ्यापुढं धरला.

"पाणी दे गं," त्या म्हणाल्या. "भरून दे."

कळशीत अजून थोडं पाणी होतं. मी ती उचलली आणि काठापर्यंत पेला भरला.