दोन सायरनांचा तळ

मी लालबागचा. वडील गिरणीत, मी हवाई दलात, फायर सेक्शनला. एकाहत्तरच्या युद्धाआधी चार महिने माझी बदली पश्चिम सरहद्दीजवळच्या एका तळावर झाली. नाव लिहीत नाही. धावपट्टी एकच. उत्तरेला आमचे हँगर, दक्षिणेला प्रवासी विमानांचं टर्मिनल. एका म्यानात दोन तलवारी राहत नाहीत म्हणतात, इथं दोन सरकारी खाती राहत होती. धावपट्टीकडेचं गवत कोणी कापायचं यावरून पत्रव्यवहार चाले आणि तोवर गवत गुडघ्याएवढं होई.

रिपोर्ट केला त्याच दिवशी दत्ताराम घाडी भेटला. लीडिंग एअरक्राफ्ट्समन, राहणार भोईवाडा, आमच्या लालबागला लागूनच. मी कॉर्पोरल, म्हणजे त्याचा वरिष्ठ. ड्यूटीवर तो मला ‘कॉर्पोरल’ म्हणे, ड्यूटी संपली की ‘बापू’. आमच्या सेक्शनमध्ये मराठी आम्ही दोघंच. तो नसता तर मला वेड लागलं असतं.

युद्ध सुरू झालं आणि प्रवासी विमानं बंद झाली. नागरी बाजूची माणसं मात्र राहिली. त्यांचा सायरनही राहिला, टर्मिनलच्या गच्चीवर, हाताने फिरवायचा. आमचा विजेचा, टॉवरवर. खालीवर होणारा आवाज म्हणजे हल्ला, एकसारखा लांब आवाज म्हणजे ऑल क्लिअर. आमचा वाजला की फोन करायचा, मग त्यांनी वाजवायचा, असं ठरलं होतं. सार्जंट नेगींनी आम्हाला एवढंच सांगितलं, “टॉवर का सायरन सुनो. बाकी भूल जाओ.”

तिसऱ्या दिवशी सकाळी नऊ चाळीसला हल्ल्याचा सायरन झाला. दत्ता आणि मी क्रॅश टेंडरजवळच्या ट्रेंचमध्ये उतरलो. क्रॅश टेंडर म्हणजे विमानतळावरची आगीची गाडी. ट्रेंचवर रेल्वेचे लाकडी स्लीपर आणि त्यावर वाळूची पोती. दोन बॉम्ब लांब पडले. तिसरा जवळ पडला.

छत बसलं. एक स्लीपर माझ्या मांड्यांवर आला. हाड मोडल्याचा आवाज मी ऐकला. तोंडात वाळू, कानात शिट्टी. फाटलेल्या पोत्यातून वाळू सारखी गळत होती, आधी कमरेपर्यंत, मग छातीपर्यंत आली. दत्ता हेल्मेटने ती उपसत होता. त्याने स्लीपरला खांदा लावला. स्लीपर तसूभरही हलला नाही.

“जॅक व्हयो,” तो म्हणाला. “टेंडरात आसा.”

बाहेर जायची वाट बुजली होती, पण वर एक भोक पडलं होतं. दत्ता सडपातळ. तो मावला असता.

तेवढ्यात एकसारखा लांब आवाज सुरू झाला. गिरणगावात वाढलेल्या माणसाला असा आवाज ऐकून बसवत नाही. भोंगा झाला की तोंडातला घास टाकून पळायचं, फाटक बंद व्हायच्या आत, हे आम्ही जन्मल्यापासून पाहिलेलं. दत्ता अर्धा उठलाच. मग थांबला.

“टॉवरचो न्हय वाटता,” तो म्हणाला. “बारीक आसा.”

आवाज बारीक होता. हाताच्या सायरनचा. मलाही ते कळलं होतं.

“कॉर्पोरल, जाऊ?”

वाळू गळ्याशी आली होती. मी इतका घाबरलो होतो की मला दुसरं काही दिसतच नव्हतं.

“जा,” मी म्हणालो.

तो गेला. टेंडरचं दार उघडल्याचा आवाज आला. लोखंड खणखणलं. “गावलो रे!” तो ओरडला. जॅक मिळाला होता. त्याची पावलं जवळ येत होती, आणि त्यांच्या मागून विमानाचा आवाज. पुन्हा फिरून आलं होतं. गोळ्या तीन-चार सेकंद चालल्या असतील. पोतं रिकामं होऊन वाळू माझ्या हनुवटीशी थांबली. मी त्याला हाका मारत राहिलो.

दहा वाजून पाच मिनिटांनी टॉवरचा ऑल क्लिअर वाजला. नागरी बाजूचीच माणसं धावत आली. दत्ता ट्रेंचपासून दहा पावलांवर होता. त्याच्या हातातला जॅक घेऊन त्यांनी मला सोडवलं.

चौकशी झाली. फोनची तार बॉम्बने तुटली होती. विमानं गेलेली पाहून गच्चीवरच्या माणसाने अंदाजाने सायरन फिरवला, असं ठरलं. माझा जबाब इस्पितळात घेतला. दत्ता स्वतःहून गेला की कसा, हे कोणी विचारलं नाही. मीही सांगितलं नाही.

चालता यायला लागल्यावर भोईवाड्यात त्याच्या घरी गेलो. त्याच्या आईने चहा दिला. मग समोर बसून विचारलं, “त्येका भायर कोणी धाडल्यान?”

“ऑर्डर होती, काकी.”

“मगे बरा,” ती म्हणाली. “हुकूम इलो तर जावकच व्हया.”

ऑर्डर कोणाची, हे तिने विचारलं नाही. ती गेली त्यालाही आता पुष्कळ वर्षं झाली. लीडिंग एअरक्राफ्ट्समन दत्ताराम घाडी याला ट्रेंचबाहेर जाण्याची ऑर्डर मी दिली होती, सायरन आपला नाही हे माहीत असताना.