एकही चौक नसलेला नकाशा

कॅलिफोर्नियातला एकही रस्ता मी पाहिलेला नाही. पण एके काळी त्या राज्यातले सगळे मोठे रस्ते मला पाठ होते. समुद्राच्या कडेने उत्तरेकडे चढत जाणारा, मधल्या खोऱ्यातून सरळ सुटलेला, वाळवंट ओलांडून शेजारच्या राज्यात शिरणारा. कुठला कुठे दुसऱ्याला मिळतो, कुठे एकाच्या डोक्यावरून दुसरा निघून जातो, हे मी डोळे मिटून सांगितलं असतं. मी तेव्हा बावीस वर्षांचा होतो. लालबागच्या एका चाळीत आठ जणांत एक खोली होती, आणि फोर्टातल्या एका इंजिनिअरिंग कंपनीत मी ट्रेसर होतो.

ट्रेसरने स्वतःचं डोकं चालवायचं नसतं. मूळ नकाशावर तलम, निळसर मेणकापड ताणून बसवायचं आणि खालची रेघ न् रेघ शाईने वर उतरवायची. आमचे मोठे साहेब अमेरिकेचा दौरा करून आले होते. येताना कॅलिफोर्नियातल्या महामार्गांच्या नकाशांची एक मोठी सुरळी घेऊन आले. असे रस्ते मुंबईत कसे करता येतील यावर त्यांना व्याख्यानं द्यायची होती, म्हणून तीन महिने मी ते नकाशे उतरवत होतो. मला वेड लावलं ते एका गोष्टीने. त्या रस्त्यांवर चौक नव्हता. दोन रस्ते एकमेकांसमोर येतच नसत. एक वर उचलला जाई, दुसरा खालून जाई, आणि बाजूने चार पाकळ्यांसारखी वळणं फुटून इकडची गाडी तिकडे अलगद जाई. कुणी कुणासाठी थांबायचं नाही. लालबागच्या नाक्यावर ट्राम, हातगाड्या, बैलगाड्या आणि पाळी सुटलेली माणसं यांतून रोज वाट काढणाऱ्या मला ते स्वर्गासारखं वाटलं.

हे सगळं मी जेवताना सांगायचो. आमच्या चाळीच्या तळमजल्यावर एक विधवा बाई खानावळ चालवायच्या. त्यांना आम्ही सगळे मावशी म्हणायचो. गिरणीतले वीसेक कामगार त्यांच्याकडे दोन्ही वेळ जेवायचे. त्यांच्याखेरीज पांढरपेशा असा मी एकटाच. हाताशी मावशींची बारा-तेरा वर्षांची मुलगी.

"एका ठिकाणी तर मावशी, चार रस्ते एकावर एक," मी म्हणालो.

"म्हणजे चार माळ्यांची चाळ म्हण की," भाकरी थापता थापता त्या म्हणाल्या. "आणि नळ कितव्या माळ्यावर?"

सगळे हसले. सगळ्यात मोठ्याने हसला तो आमच्याच खोलीत राहणारा साचेवाला. मागावर काम करणाऱ्यांना आमच्याकडे साचेवाले म्हणत. तो मावशींच्याच गावचा. त्यांना 'बाय' म्हणायचा. त्याला सख्खी बहीण नव्हती आणि मावशींना भाऊ नव्हता, म्हणून भाऊबीजेला त्या त्याला ओवाळायच्या. अकरा वर्षं तो त्यांच्याकडे जेवत होता. मला तो 'अमेरिका' म्हणूनच हाक मारायचा.

"काय रे अमेरिका, तुझ्या त्या रस्त्यांवर चालणारी माणसं खंय जातत?" त्याने विचारलं.

मी दुसऱ्या दिवशी भीत भीत साहेबांना विचारलं. ते म्हणाले, "त्या रस्त्यांवर पायी जायला बंदी आहे." मी हे खानावळीत सांगितलं नाही.

ते दिवस संयुक्त महाराष्ट्राचे होते. मुंबई कुणाची, हा प्रश्न प्रत्येक जिन्यात, प्रत्येक नळावर चालू होता. साचेवाला त्यात गळ्यापर्यंत बुडालेला. संप, सभा, प्रभातफेऱ्या, मध्येच दोन दिवसांची कोठडी. एका रविवारी दुपारी तो माझ्या कॉटवर येऊन मांडी घालून बसला. येत्या बंदच्या दिवशी परळच्या मैदानात मोठी सभा होती. आमच्या बाजूच्या चाळींतून चार जथे जायचे होते. मोठ्या नाक्यावर पोलीस असणार. सगळे एकदम तिथे गेले तर कोंडी होणार. "तू रस्त्यांचा माणूस. आम्हाला वाटा काढून दे," तो म्हणाला.

मला आयुष्यात पहिल्यांदाच कुणी डोकं चालवायला सांगितलं होतं. ऑफिसातून आणलेल्या रद्दी कागदावर मी आमचा सगळा भाग काढला. चाळी, बोळ, गिरण्यांच्या भिंती, नाके. चार जथ्यांना चार रंग दिले. संध्याकाळी साचेवाल्याने तो नकाशा बघितला, प्रत्येक वाटेवरून बोट फिरवलं, आणि बायकांच्या जथ्याची वाट त्याने स्वतः ठरवली. लांबची, देवळामागून जाणारी, पण मोकळी. "त्यांच्यात म्हाताऱ्या आहेत, पोरं आहेत. उशीर झाला तर चालेल," म्हणाला. नकाशा त्याने माझ्याकडेच ठेवायला दिला, कारण त्याच्या सामानाची झडती होण्याची शक्यता होती.

पुढचे दोन दिवस तो कागद मला बसू देईना. जेवताना, अंघोळीच्या रांगेत, ऑफिसात टेबलावर कॅलिफोर्निया पसरलेला असताना, डोळ्यांसमोर तोच. देवळामागे एके ठिकाणी बायकांची हिरवी रेघ भायखळ्याकडून येणाऱ्या तांबड्या रेघेला छेदत होती. अख्ख्या नकाशात तेवढाच एक चौक. व्यवहारात त्याने काही बिघडत नव्हतं. एक जथा दोन मिनिटं थांबला असता, दुसरा पुढे गेला असता. पण मला तो छेद बघवत नव्हता. शेवटी मी हिरवी रेघ पुसली आणि एका गिरणीच्या कापसाच्या गोदामामागून जाणाऱ्या बोळातून नेली. त्या बोळातून पाळीला जाणारी माणसं रोज जायची. मीही गेलो होतो. आता एकही रेघ दुसरीला शिवत नव्हती. तो कागद मी किती तरी वेळ नुसता बघत बसलो.

बंदच्या आदल्या दिवशी सकाळी मी मावशींना नवी वाट सांगितली. बायकांच्या पुढे त्याच असणार होत्या.

"गोदामाच्या बोळातून?" त्यांनी हात थांबवला. "त्याला पलीकडे दार आहे रे. ते कोण उघडणार?"

"मावशी, तो रस्ता आहे. रोज शेकडो माणसं जातात तिथून."

"त्याला ठाऊक आहे ना?" म्हणजे साचेवाल्याला.

"हो, सांगतो त्याला."

त्यांनी पुन्हा हात चालवला. मी शिकलेला होतो, टाय लावून कामाला जायचो, अमेरिकेतले रस्ते मला पाठ होते. साचेवाल्याला मी सांगितलं नाही. विसरलो नव्हतो. तो नको म्हणेल, आणि रेघ पुन्हा जुन्या जागी जाईल, हे मला ठाऊक होतं.

ते दार गिरणीचं होतं. गिरणी चालू असली की दिवसभर सताड उघडं. बंदच्या दिवशी गिरणी बंद होती, म्हणून दार बंद होतं. इतकी साधी गोष्ट. त्या भागातल्या कुठल्याही पोराला ती सुचली असती. मावशींना तर सुचलीच होती.

मी पुरुषांच्या पहिल्या जथ्यात होतो. आमची वाट इतकी सुरळीत गेली की मला घोषणा देतानाही हसू फुटत होतं. मैदानावर पोचल्यावर तासाभराने बातमी आली. बायका बोळात शिरल्या, पुढे कुलूप. मागे फिरतात तोच नाक्यावर अश्रुधूर सुटला आणि पळणारी माणसं वाट दिसेल तिथे, त्या बोळातही घुसली. मावशी सगळ्यांच्या पुढे होत्या, म्हणजे दाराला लागून. मागच्या रेट्याने त्यांचा उजवा हात दाराच्या गजांत अडकला आणि मनगटातून मोडला. जीव कुणाचा गेला नाही, हे लोक मला पुष्कळदा सांगत. साचेवालाच सांगे.

हाडवैद्याने पट्ट्या बांधून दिल्या. त्याच संध्याकाळी खानावळीच्या दाराशी चाळ जमली होती. साचेवाला घामाघूम होऊन आला आणि दारातूनच ओरडला, "बाय, तुला देवळामागून जायला सांगितलं होतं! त्या बोळात घुसायला कोणी सांगितलं?"

मी त्याच्यापासून दोन हातांवर उभा होतो. मावशींनी आधी त्याच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे, मग पुन्हा त्याच्याकडे.

"कोणी नाही," त्या म्हणाल्या. "माझी रोजची वाट. मीच घेतली."

माझी कंपनी सरकारी कामं करायची. माझं नाव कुठे निघालं असतं तर नोकरी गेली असती. त्यांनी ते जाणलं. मी तिथे तोंड उघडायला हवं होतं. तेवढ्यात कुणी तरी हळद घालून दूध आणलं, माणसं हलली, आणि ती वेळ निघून गेली. ती तशी निघून जावी म्हणून मी वाट बघत होतो, हेही खरं आहे.

दुसऱ्या दिवशी मावशींनी मुलीकरवी साचेवाल्याला निरोप पाठवला, की उद्यापासून जेवणाचं दुसरीकडे बघ. त्या दिवाळीत त्यांनी त्याला ओवाळलं नाही. तो दारापर्यंत गेला होता. हातात चोळीचा खण घेऊन परत आला आणि तो ट्रंकेत ठेवून दिला.

"बाय माझ्याशी का बोलत नाय रे?" तो मला विचारायचा. "हात मोडला तो माझ्या बंदात मोडला, म्हणून?"

"दुखतं ना त्यांना. चिडचिड होते," मी म्हणायचो.

मला कारण ठाऊक होतं. 'नुसता अंदाज होता' असं म्हणून सोडून दिलं तर हे लिहिण्यात अर्थ नाही. मी त्याला सांगितलंय असं त्या धरून चालल्या होत्या. म्हणजे त्यांच्या लेखी, सगळं माहीत असून त्याने चारचौघांत त्यांनाच जाब विचारला होता. माझ्या गप्प बसण्याचं त्यांना आश्चर्य वाटलं नसावं, मी परका. पण तो भाऊ होता.

मनगट वाकडंच जुळलं. भाकरी थापता येईना. मुलीने शाळा सोडली आणि ती थापायला लागली. तिच्या भाकऱ्या कडेला चिरायच्या. मी ताटावर मान वर करू शकायचो नाही. दोन महिन्यांत ऑफिसला उशीर होतो असं सांगून दादरला खोली घेतली. माझ्यामागून आणखी चार-पाच जणांनी खानावळ सोडली. तेव्हापासून मला एका जागी बसता येत नाही. रविवारी दादरहून निघून डिलाईल रोडने, वरळीने, कुठल्याही बोळातून चालत सुटायचो, दारं बघत. लालबागच्या अलीकडे वळून परत यायचो.

महाराष्ट्र झाला, त्या दिवशी दुपारी मात्र न वळता गेलो. चाळीला तोरणं लागत होती, पोरं गुलाल उधळत होती. मावशी खोलीत तांदूळ निवडत बसल्या होत्या, डाव्या हाताने. मुलीने माझ्या हातावर साखर ठेवली आणि ती पाण्याला गेली.

"ये. वाट चुकलास का?" मावशी म्हणाल्या.

"मावशी, त्या बोळाचं मी सांगितलं होतं."

"मग? मला काय ठाऊक नाही होय?" त्यांनी एक खडा वेचून बाजूला टाकला. "झालं ते झालं. आज गोडाचा दिवस."

इथे थांबता आलं असतं. त्यांनी मला सोडलंच होतं. मी उठलोही होतो.

"त्याला मी सांगितलं नव्हतं," मी उभ्यानेच म्हणालो. "तुम्ही विचारलं होतं, मी हो म्हणालो होतो. पण त्याला वाट बदललेली ठाऊकच नव्हती. त्याने खरंच विचारलं तुम्हाला."

त्यांचा हात सुपात तसाच राहिला. रागावतील, रडतील असं मला वाटलं. तसलं काही झालं नाही.

"चार दिवाळ्या," त्या म्हणाल्या. "चार दिवाळ्या तो ह्या दारावरून खाली मान घालून गेला, मेल्या. जा. त्याला सांग. मला सांगितलंस तसंच सांग, आणि घेऊन ये."

साचेवाला चाळीच्या तोंडाशी शिडीवर चढून तोरण बांधत होता. मला बघून हसला. "काय रे अमेरिका! झाला की नाही आपला महाराष्ट्र?"

मी त्याला खाली बोलावलं आणि सांगितलं. नकाशा, पुसलेली रेघ, खोटं बोलणं, त्याच्या प्रश्नाला दिलेली उत्तरं. ढोल वाजत होते, त्यामुळे काही वाक्यं मला दोनदा बोलावी लागली. त्याने मला मारावं असं मनापासून वाटत होतं. त्याने हातातली सुतळी माझ्याकडे दिली, तोंडावरून पंचा फिरवला आणि चालू लागला. मी मागोमाग गेलो.

खोलीच्या उंबऱ्याशी तो उभा राहिला.

"बाय," तो म्हणाला.

"बस," मावशी म्हणाल्या. मग त्यांनी सूप बाजूला सारलं. "बस ना रे, उभा काय."

तो आत जाऊन भिंतीला टेकून बसला. मला कुणी काही म्हणालं नाही. दार उघडंच होतं. मी थोडा वेळ बाहेर थांबलो आणि मग सुतळी घेऊन शिडीकडे परत गेलो, कारण तोरणाचं एक टोक सुटून खाली लोंबत होतं आणि लोक त्याला अडखळत होते.