मुकीचा घोट

नारळी पौर्णिमेच्या दुपारी बारवेच्या पायऱ्यांवर सात बाया गायला बसतात, पण गातात सहाच. सातवी बारवेचं पाणी तोंडात धरून असते. तिला मुकी म्हणतात. शिरूर कासारच्या डोंगराकडेच्या त्या वाडीत समुद्र कुणी पाहिलेला नाही, तरी हा मेळ गातो तो समुद्रासाठीच.

म्हातारी माणसं सांगतात, एके काळी समुद्र इथवर होता. सात बायांनी गाऊन त्याला माघारी लावला. जाताना तो म्हणाला, ‘वर्षातून एकदा बारवेचं पाणी चाखून मला सांगत जा. खारं लागलं तर वर्षभर गाव मोकळं करा, मी आल्या वाटेनं परत जाईन. पण खारं असून गोड म्हणालात, तर मी समजेन, मला बोलावणं आलंय.’

छबुबाई तेवीस वर्षं मुकी होत्या. अंगानं लहानखुऱ्या, बोलायला कमी, पण जिभेच्या पक्क्या. ऊसतोडीच्या फडावर कुणाची भाजी बिघडली की वाटी त्यांच्याकडे यायची; बोट बुडवून त्या सांगायच्या, मीठ किती चुकलं ते. अशा बाईची चव चुकेल, हे कुणाच्या मनातही आलं नसतं.

चव चुकली नव्हतीच. गेली दोन वर्षं पाणी खारं होतं आणि छबुबाई ‘गोड हाय’ म्हणाल्या होत्या.

चौदा हंगाम कोयता चालवून त्यांचा मुलगा आदिनाथ नुकताच वाडीत स्थिरावला होता. त्यानं पिठाची गिरणी टाकली. नात स्वप्नाली पहिल्यांदाच दिवाळीनंतरही शाळेत दिसली. वर्षअखेर शाळेतल्या बाईंनी तिच्या हजेरीचं कौतुक केलं, तेव्हा पोरगी घरभर नाचली होती. तिला पुन्हा वर्षभर कुठं घेऊन जायचं? छबुबाईंनी तो घोट गिळला, तो एवढ्यासाठी.

पण बारवेच्या दगडावर पांढरी रेघ उमटली होती. लोक तिला चुना म्हणत. पहिल्या वर्षी ती तळाच्या पायरीवर होती. यंदा वरून नवव्या पायरीपर्यंत चढली होती.

यंदा छबुबाईंचे गुडघे पायऱ्या उतरू देईनात, म्हणून मुकीचा मान सुनेकडे, रोहिणीकडे गेला. सकाळी वेणी घालता घालता छबुबाई म्हणाल्या, “रोहिणी, जिभंवर जे येईल तेच सांगायचं. कुणाचं तोंड बघायचं न्हाई. माजंबी न्हाई.”

“आत्या, पाणीच तर प्यायचंय,” रोहिणी हसली. “तुमी तर मला इख पाजायला निघाल्यावानी बोलता.”

याहून जास्त बोलायची छबुबाईंची छाती झाली नाही. मनाशी मात्र त्यांनी ठरवलं: हिनं खारं म्हटलं, की आपणही उठायचं आणि सगळ्यांसमोर दोन वर्षांचं सांगून टाकायचं.

दुपारी त्या बारवेच्या कठड्याशी बसल्या. शेजारी त्यांच्या चुलत सासू सुभद्राबाई होत्या, त्यांच्याआधीची मुकी. वय नव्वदीचं, डोळे गेलेले. खाली रोहिणीनं ओंजळ भरून घोट घेतला. सहा जणींनी गाणं उचललं.

“थांब दर्या, थांब राजा, तुझी हद्द तिथं;
आमची चूल, आमचं पीठ, आमची लेकरं इथं.”

एरवी गाणं संपलं की बारवेतून आवाज फिरून वर यायचा. यंदा आला नाही. खाली कुणी ऐकून घ्यावं आणि उत्तर देऊ नये, तसं झालं.

रोहिणीचे गाल फुगलेले होते, कपाळावर आठी. तिनं गिळलं. मग मान वर केली आणि छबुबाईंना ओलांडून पाहिलं. कठड्यापलीकडे गिरणीच्या दारात आदिनाथ उभा होता, अंगभर पीठ.

“गोड हाय,” रोहिणी म्हणाली.

लोकांनी नारळ फोडला. सुभद्राबाई हळूच पुटपुटल्या, “वाऱ्याला दोन वर्सं खारा वास येतोय. ही तरी सांगंल वाटलं व्हतं मला.”

छबुबाईंनी त्यांच्याकडे पाहिलं. “म्हंजी? तुमीबी?”

“शेवटची चार वर्सं. तवा दोन नाती उजवायच्या व्हत्या. मागनं तुज्या हाती गोड झालं, मला वाटलं, इसरला त्यो.” म्हातारीनं कान बारवेकडे केला. “लई दिवस बोलावतोय गं आपण त्याला. यील की आता.”

घरी आल्यावर रोहिणी चुलीपुढं बसून राहिली. गुळाचा खडा चघळत होती. सासू-सुनेनं एकमेकींकडे पाहिलं नाही. तेवढ्यात स्वप्नाली आली, नळाखाली तांब्या धरला. सणासाठी आजच नळाला बारवेचं पाणी सोडलं होतं. दोन घोट घेतले आणि तोंड वाकडं केलं.

“आई, पाणी खारट लागतंय.”

“न्हाई गं,” रोहिणी म्हणाली. “नारळ खाल्लास ना, म्हणून. गोड हाय. पी.”

पोरीनं आईकडे पाहिलं. मग आजीकडे. पुन्हा एक घोट घेतला, जरा वेळ तोंडात धरला आणि गिळला.

“हां,” ती म्हणाली. “गोड हाय.”

छबुबाईंनी तोंड उघडलं. तोंडात पाण्याचा थेंबही नव्हता, तरी त्यांना बोलता आलं नाही.